दोन तपांचा केक



पाकशास्त्राच्या कोणत्याही ग्रंथात ज्याची कृती सापडणार नाही, अशा एका पक्वान्नाविषयी हे व्याख्यान आहे. ते पक्वान्न म्हणजे एक केक. तो कोणत्याही खऱ्या भट्टीत भाजला गेलेला नाही. जे. आर. आर. टॉल्किन या इंग्रज लेखकाच्या ‘स्मिथ ऑफ वूटन मेजर’ या लहानशा पुस्तकात तो आहे. पुस्तक १९६७ साली प्रसिद्ध झाले, त्या वेळी लेखकाचे वय पंच्याहत्तर होते. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या त्याच्या तीन खंडांच्या महाकथेने तोवर त्याला जगभर वाचक मिळवून दिले होते. १९७३ साली त्याचे निधन झाले, आणि हयातीत प्रसिद्ध झालेली त्याची अखेरची गोष्ट म्हणून राहिली ती ही केकची गोष्ट. युद्धे, राजवंश, स्वतः घडवलेल्या भाषा असा सारा पसारा मागे ठेवून हा वृद्ध प्राध्यापक शेवटी एका गावच्या मुदपाकखान्यात का शिरला, हा प्रश्न विचारण्याजोगा आहे.

गोष्टीचा जन्मही गमतीचा आहे. १९६४ साली एका अमेरिकन प्रकाशनसंस्थेने टॉल्किनकडे एक प्रस्तावना मागितली. जॉर्ज मॅक्डोनल्ड या स्कॉटिश लेखकाच्या १८६७ सालच्या ‘द गोल्डन की’ या कथेची नवी आवृत्ती निघावयाची होती. प्रस्तावनेत ‘फेअरी’ या शब्दाचा अर्थ मुलांना समजावून सांगावा, असे टॉल्किनला वाटले. त्यासाठी त्याने एक दृष्टान्त घेतला. एक आचारी होता. मुलांसाठी केक करावयाचा म्हणजे तो गोडमिट्ट असला की झाले, अशी त्याची समजूत होती. दृष्टान्त दोन-चार ओळींत आटोपावयाचा, पण तो आटोपेना. आचाऱ्याला गाव मिळाले, गावाला पंचायत मिळाली, आणि प्रस्तावना कायमची अपुरी राहिली. मॅक्डोनल्डच्या कथेनंतर बरोबर शंभर वर्षांनी हा दृष्टान्तच स्वतंत्र पुस्तक होऊन, पॉलीन बेन्स या चित्रकर्तीच्या चित्रांसह, वाचकांच्या हाती पडला.

वूटन मेजर हे त्या गावाचे नाव. वूटन म्हणजे रानालगतची वस्ती. गाव कारागिरांचे आणि विशेषेकरून स्वयंपाकासाठी नावाजलेले. गावाच्या मालकीचा मोठा मुदपाकखाना आहे आणि त्याला लागून दगडी बांधणीचे, ओकच्या लाकडाचे जुने सभागृह आहे. इमारत नीट राखलेली, परंतु पूर्वीचे रंग आणि सोनेरी मुलामा आता तिच्यावर उरलेला नाही. ही बारीकशी नोंद टॉल्किन जाता जाता करतो, पण ती ध्यानात ठेवण्यासारखी आहे. मुख्य आचारी हा गावातला मानाचा माणूस. वर्षाकाठी अनेक उत्सव होतात. त्यांतला एकच हिवाळ्यात येतो आणि आठवडाभर चालतो. त्याच्या अखेरच्या दिवशी, सूर्यास्ताच्या वेळी, ‘गुणी मुलांची मेजवानी’ असते. आणि चोवीस वर्षांतून एकदा होणारी चोविशीची मेजवानी ही तर आगळीच. तिला निमंत्रित मुलेही चोवीसच.

मराठीत बारा वर्षांना ‘तप’ म्हणतात. दोन तपांनी एकदा येणाऱ्या या मेजवानीचा अर्थ मराठी माणसाला फारसा समजावून द्यावा लागत नाही. बारा वर्षांनी येणाऱ्या सिंहस्थाची वाट पाहणारा हा समाज आहे. या मेजवानीसाठी मुख्य आचाऱ्याने महाकेक करावा, अशी रूढी. सामान्यतः एका आचाऱ्याच्या कारकिर्दीत ही संधी एकदाच येते. ज्याचा केक चांगला, त्याचे नाव मागे राहते. मुलांचेही तसेच. जन्माचे साल जुळले नाही तर कितीही गुणी मूल असले तरी त्याला हा केक चाखावयास मिळत नाही. निमंत्रणे देतानाही चुका होतातच, योग्य मुले राहून जातात आणि नको ती येतात, असे लेखक मिस्कीलपणे कबूल करतो. बक्षीस-समारंभाच्या याद्या ज्यांनी केल्या आहेत त्यांना हे पटेल.

केकच्या पोटात नाणी आणि लहानसहान वस्तू दडवण्याची जी चाल या गोष्टीत आहे, ती मात्र कल्पित नाही. इंग्लंडात ६ जानेवारीच्या सुमारास, नाताळाचे बारा दिवस संपताना, ‘ट्वेल्फ्थ केक’ करीत. त्यात एक वालासारखा दाणा घालीत, आणि ज्याच्या तुकड्यात तो निघे तो त्या रात्रीचा राजा. फ्रान्समध्ये ही चाल आजही चालू आहे. इंग्लंडात एकोणिसाव्या शतकात तो केक मागे पडला, नाताळचा केक पुढे आला, आणि दडवण्याची हौस नाताळच्या पुडिंगमध्ये जाऊन बसली. चांदीचे नाणे निघाले तर धनलाभ, अंगठी निघाली तर लग्न, अंगुस्तान निघाले तर अविवाहित राहणे, अशी भाकिते त्या तुकड्यांवरून होत. तेव्हा टॉल्किनने महाकेक शून्यातून निर्माण केलेला नाही. देशातली जुनी चाल त्याने उचलली आणि तिच्यात एक वस्तू अधिक घातली.

ही वस्तू गावात कशी आली, ते सांगितले पाहिजे. नोक्सच्या आधीचा मुख्य आचारी एकदा अकस्मात रजा घेऊन निघून गेला. काही महिन्यांनी परतला तो अधिक हसतमुख होऊन, आणि बरोबर एक कोवळा शागीर्द घेऊन. शागिर्दाचे नाव आल्फ. पुढे एके दिवशी या आचाऱ्याने टोपी काढली, अंगरखा खुंटीला टांगला आणि शागिर्दाचा निरोप घेऊन तो कायमचा गेला. गावापुढे पेच पडला. आल्फ वयाने लहान दिसत होता, म्हणून पंचायतीने नोक्स नावाच्या गृहस्थाला मुख्य आचारी नेमले. नोक्स संसारी, हिशेबी, अंगाने भरलेला. दुष्ट मुळीच नव्हे. मात्र त्याला जे ठाऊक नाही ते अस्तित्वातच नाही, अशी त्याची गाढ श्रद्धा. आल्फचे हात पाहून पाहून तो पुष्कळसे शिकला, आणि ते शिकणे त्याने स्वतःजवळही कबूल केले नाही.

चोविशी जवळ आली तसा नोक्स अस्वस्थ झाला. त्याने जुन्या आचाऱ्यांच्या पाककृतींच्या वह्या काढल्या. अक्षर लागेना, लागले तेथे जिन्नसांची नावे ओळखीची नसत. शेवटी त्याला फळीवरचा एक जुना काळा डबा आठवला. आत अनेक कप्पे, एकेका कप्प्यात एकेक मसाला. मराठी घरात याला ‘मिसळणाचा डबा’ म्हणतात आणि त्याच्यावर घराची चव चालते. हा डबा मात्र कित्येक वर्षे कोणी उघडला नव्हता. मसाले थोडेच उरले होते, तेही सुकलेले, कुबट झालेले. एका कप्प्यात एक लहानसा तारा सापडला, काळवंडलेल्या चांदीसारखा. आल्फने गंभीरपणे सांगितले की हा तारा फेअरीच्या मुलखातून आलेला आहे. नोक्सला हसू फुटले. मुलांची करमणूक होईल असे त्याला वाटले, आणि नाण्यांबरोबर तारा केकच्या मिश्रणात गेला.

साऱ्या गोष्टीचे मर्म या प्रसंगात आहे. वह्या आहेत, पण वाचता येत नाहीत. डबा आहे, पण मसाल्यांचा वास उडालेला आहे. सभागृह उभे आहे, पण रंग गेलेले आहेत. परंपरा मोडलेली नाही. ती नुसती सुकली आहे. आणि अशा सुकलेल्या परंपरेतूनही, जो तिची थट्टा करतो त्याच्याच हातून, तारा पुढे जातो.

नोक्सने केकची सजावट कशी केली, तेही पाहण्यासारखे आहे. ‘फेअरी’ म्हटले की त्याला दोनच गोष्टी सुचत: गोडवा आणि नाजूकपणा. म्हणून वरून साखरेचे आवरण, मध्ये एक सुळका, आणि सुळक्यावर पांढऱ्या कपड्यांतली बाहुली. तिच्या हातात चकाकत्या ताऱ्याची छडी, आणि पायांभोवती गुलाबी साखरेच्या अक्षरांत लिहिलेले की ही फेअरींची राणी. खोटा तारा वर, सर्वांना दिसेलसा. खरा तारा आत, काळवंडलेला.

या बाहुलीशी टॉल्किनचे भांडण जुने होते. १९३९ च्या मार्चमध्ये सेंट अँड्र्यूज विद्यापीठात ‘ऑन फेअरी-स्टोरीज’ या विषयावर त्याने व्याख्यान दिले. फुलपाखराच्या पंखांच्या चिमुकल्या पऱ्या ही फार अलीकडची, साहित्यिकांनी केलेली खोड आहे, असे त्याने त्यात प्रतिपादिले. शिवाय, अशा कथा मुलांसाठीच असतात ही समजूतही त्याने खोडून काढली. मोठ्यांना नकोसे झालेले जुने सामान जसे मुलांच्या खोलीत जाऊन पडते, तशाच या कथा तेथे जाऊन पडल्या. मुलांना त्या विशेष आवडतात म्हणून नव्हे. ग्रंथालयांच्या बालविभागांकडे पाहिले असता हे विधान पुन्हा तपासून घ्यावेसे वाटते.

मराठीत तर ही अडचण दुहेरी आहे. ‘फेअरी’ला प्रतिशब्द म्हणून ‘परी’ येतो. हा शब्द फारसीतून आला, आणि मराठी बालपुस्तकांत त्याचे जे चित्र रूढ झाले ते पंख लावलेल्या, छडी धरलेल्या मुलीचे. म्हणजे मराठी अनुवादकाने ‘परी’ लिहिताक्षणी नोक्सची बाहुली वाचकापुढे उभी राहते, आणि जिच्याविरुद्ध सारी गोष्ट लिहिलेली आहे तीच जिंकते. टॉल्किनच्या मनातल्या फेअरीला जवळचे काही मराठी मुलखात शोधावयाचे, तर ते पुस्तकांत नव्हे, पाणवठ्यावर सापडेल. ‘साती आसरा’ या शब्दात अप्सराच दडलेल्या आहेत. पण गावकरी त्यांना गोंडस मानीत नाहीत. डोहाकाठी त्यांचे ठाणे असते, तेथे जपून वागावयाचे असते, त्यांचा मान राखावयाचा असतो. सौंदर्य आणि धास्ती यांची ही जोडी फेअरीच्या अगदी जवळची आहे. अनुवादात ‘आसरा’ शब्द घालावा, असे सुचवावयाचे नाही. त्याला आपले देव आणि आपले नवस चिकटलेले आहेत. पण ‘परी’ लिहिताना काय हातचे जाते, याची जाणीव असलेली बरी.

मेजवानीच्या दिवशी केक कापला गेला. प्रत्येक मुलाला एक मोठा तुकडा. दुसऱ्यांदा घ्यावयास काही शिल्लक नाही. कोणाला एक वस्तू मिळाली, कोणाला दोन, कित्येकांना काहीच नाही. तारा मात्र कोणालाच सापडला नाही. तो विरघळला असावा, नाहीतर आपल्या मुलखात परत गेला असावा, असे म्हणून नोक्सने विषय संपवला. वास्तविक लोहाराच्या मुलाने तो नकळत गिळला होता. या मुलाला आपल्या तुकड्यात चांदीचे नाणे सापडले होते. शेजारी बसलेल्या नेल नावाच्या मुलीला काहीच न मिळाल्याने ती हिरमुसली होती, म्हणून ते त्याने तिला देऊन टाकले. पुढे तीच त्याची पत्नी झाली. लेखक या देण्याचा कोठेही गौरव करीत नाही. वाचकाने मात्र तो प्रसंग विसरू नये, कारण पुढे याच माणसाला याहून फार मोठे काही द्यावयाचे आहे.

उन्हाळ्यात, दहाव्या वाढदिवसाच्या पहाटे, पाखरांचा कलरव ऐकून मुलगा गाऊ लागला आणि तारा त्याच्या तोंडातून बाहेर पडला. त्याने तो झेलला, कपाळाला लावला. तारा तेथेच राहिला. गावात फारच थोड्यांना तो दिसे. मुलगा मोठा होऊन बापासारखा लोहार झाला. त्याच्या हातची भांडी, कोयंडे, विळे साधे आणि टिकाऊ असत, पण त्यांत एक डौल उतरला. शस्त्रे त्याने कधी घडवली नाहीत. मधूनमधून तो फेअरीच्या मुलखात जाई. तेथे त्याने समुद्रावरून परतणारे योद्धे पाहिले, एका उंच वृक्षाचे दर्शन घेतले, एका तरुणीबरोबर नृत्य केले. अनेक संकटांतून तो निसटला, तो केवळ ताऱ्यामुळे.

अखेरच्या एका प्रवासात त्याची गाठ त्या मुलखाच्या राणीशी पडली, आणि ज्या तरुणीबरोबर आपण नाचलो ती हीच, हे त्याच्या ध्यानी आले. त्या क्षणी त्याला केकवरची बाहुली आठवली आणि तो शरमला. राणीने मात्र त्या बाहुलीचा राग धरला नाही. फेअरीची काहीच आठवण नसण्यापेक्षा ती बाहुली परवडली. काहींना तेवढेच दर्शन घडते आणि काहींना तेवढ्याने जाग येते, असा तिच्या बोलण्याचा आशय. पंचवीस वर्षांहून अधिक काळ ज्याने त्या बाहुलीला विरोध केला, त्या लेखकाने हे उद्गार राणीच्या तोंडी घातले आहेत. त्याच्या जुन्या भांडणाची ही तडजोड म्हणावी की परिपक्वता, याविषयी मतभेद होऊ शकतील. परिपक्वता म्हणणेच अधिक न्याय्य होय. नोक्सचा केक नसता तर लोहाराचा तारा नसता.

टॉल्किनच्या लेखनात खाद्यपदार्थांना एरवीही मान आहे. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधले ‘लेंबास’ वाचकांना ठाऊक असेल: पानांत गुंडाळलेली पातळ चकती, एक खाल्ली की दिवसभराच्या मजलेला पुरेल अशी. पण ते प्रवाशाचे अन्न आहे, शिदोरी आहे. महाकेक सणाचा आहे. तो एका बैठकीत संपतो आणि पुन्हा चोवीस वर्षे येत नाही.

राणीने लोहाराबरोबर राजासाठी निरोप दिला: वेळ आली आहे, त्याला निवडू दे. राजा कोण, हे लोहाराला ठाऊक नव्हते. परतीच्या वाटेवर त्याला आल्फ भेटला. नोक्सनंतर आल्फच मुख्य आचारी झाला होता. वास्तविक ‘आल्फ’ या नावातच ‘एल्फ’ शब्द आहे. पण नाव रोज हाक मारण्याचे झाले की त्याचा अर्थ कोण पाहतो? हा आचारी म्हणजेच फेअरीचा राजा. त्याने लोहाराला सांगितले की तारा आता परत करावयास हवा. लोहार वरमला, आपल्याकडे आलेली वस्तू निदान आठवण म्हणून तरी ठेवू नये काय, असे त्याने विचारले. काही गोष्टी देणग्या असतात आणि काही उसन्या, असे त्याला उत्तर मिळाले. तारा आणणारा जुना आचारी लोहाराच्या आईचा बाप होता, हेही तेव्हाच कळले. म्हणजे आजोबांनी आणला म्हणूनही तो घरचा होत नाही.

लोहाराने स्वतःच्या हाताने तारा कपाळावरून काढला. वेदना झाली, डोळे भरून आले. दोघे मुदपाकखान्यात गेले. आल्फने तोच काळा डबा उघडला. आता त्याचे कप्पे ताज्या, झणझणीत मसाल्यांनी भरलेले होते. एकच कप्पा रिकामा. तारा तेथे ठेवताना लोहाराच्या डोळ्यांतून पाणी आले, ते मसाल्यांमुळेही असेल. टॉल्किनच्या साऱ्या लेखनात इतका आवरलेला शोक फारसा कोठे नाही.

समीक्षकांनी या गोष्टीत रूपक शोधले, तसे स्वतः टॉल्किननेही एका टिपणात काही धागे दाखवून दिले. सभागृह आणि मुदपाकखाना यांमागे गावचे चर्च आणि धर्मगुरू यांची छाया आहे, असे त्याने त्यात म्हटले. हे टिपण २००५ साली व्हर्लिन फ्लीगर यांनी संपादिलेल्या आवृत्तीत प्रसिद्ध झाले. तथापि रॉजर लान्सलिन ग्रीन याने परीक्षणात केलेली टिप्पणी टॉल्किनला अधिक मानवली होती: या गोष्टीचा अर्थ शोधणे म्हणजे चेंडू कापून त्याची उसळी शोधणे होय. हे वृद्ध माणसाचे पुस्तक आहे, एवढे मात्र टॉल्किनने स्वतःच म्हणून ठेवले आहे. तेवढ्याने पुरते.

पुढच्या चोविशीला तारा कोणाच्या तुकड्यात जावा, हे लोहाराला निवडावयाचे होते. त्याला मुले होती, नातू होता. आपल्या घरातले एखादे नाव घेतले असते तर आल्फने ते मान्य केले असते. लोहाराने नाव घेतले ते टिमचे. टिम हा नोक्सचा पणतू. ज्या घरात ताऱ्याची थट्टा झाली, त्याच घरातले हे मूल. आल्फच्या मनातही तेच नाव होते.

त्या संध्याकाळी लोहार घरी परतला, तेव्हा त्याच्या कपाळावर काहीच नाही हे नेडने, त्याच्या मुलाने, पाहिले. बापाने त्याला नातवासाठी आणलेली भेट दिली: चांदीची एक नाजूक डहाळी, तिला घंटेसारखी तीन फुले. ती हलविताच किणकिणली आणि खोलीतल्या मेणबत्त्या क्षणभर शुभ्र उजळल्या. मग बापलेकांत कामाच्या गोष्टी निघाल्या. भट्टी होती, ऐरण होती, मुलाला शिकवण्यासारखे अजून पुष्कळ उरले होते.

मेजवानीच्या रात्री आल्फने केक कापला. टिम आधी शांत होता. मग त्याचे डोळे चमकले, तो हळूच गुणगुणला, आणि उठून एकटाच नाचू लागला. असा डौल त्याच्यात यापूर्वी कोणी पाहिला नव्हता. मुलांनी टाळ्या वाजवल्या. मेजवानीनंतर आल्फ गाव सोडून गेला. म्हातारा नोक्स शंभरी ओलांडून जगला. आपल्या घरात काय घडले, हे त्याला कधीच कळले नाही.